अधिक मासातले सातशे दिवस: एका वादग्रस्त घटनीसाचं प्रकरण

कागदपेन्सिल आणि फासे घेऊन मराठीत चालवलेल्या एका रोल-प्लेइंग कॅम्पेनमधलं, म्हणजे प्रत्येकाने एकेक पात्र होऊन अनेक बैठकांत खेळलेल्या एका लांब गोष्टीतलं, हे प्रकरण आहे. गटाची ओळख पटेल असे तपशील वगळले आहेत. काळाची जादू करणाऱ्या संघटनेचा प्रमुख उभा करताना काय अडतं, ते यात नीट दिसतं म्हणून ते सविस्तर मांडलं आहे.

पार्श्वभूमी

एक सूत्रधार (गोष्ट चालवणारा आणि खेळाडूंखेरीज बाकीची पात्रं वठवणारा, बाकीचे ज्याला डीएम म्हणतात तो) आणि पाच खेळाडू. एकाआड एक रविवारी साडेतीन-चार तास, अशी एकूण २४ सेशन. नियमांचा सांगाडा डंजन्स अँड ड्रॅगन्सच्या पाचव्या आवृत्तीचा, जग मात्र घरचं: नदीकाठचं एक गाव, त्यात वरची पेठ आणि खालची पेठ, आणि दोन्हींच्या मधे घटिकाखाना, म्हणजे काळाची जादू करणारी संघटना. फडणीस, पोतनीस, चिटणीस यांच्या चालीवर घटिकाखान्याच्या प्रमुखाला ‘घटनीस’ हे पद दिलं होतं. नाव ऐकलं की माणूस हिशेबाचा आहे हे कळावं, एवढाच हेतू.

वेळेचं माप म्हणून घटिका-पळं घेतली. हे केवळ सजावटीसाठी नव्हतं. या खेळात लढाईची एक फेरी ६ सेकंदांची असते आणि एक पळ २४ सेकंदांचं, म्हणजे बरोबर ४ फेऱ्या. ६० पळांची घटिका २४ मिनिटांची, म्हणजे २४० फेऱ्या, आणि ६० घटिकांचा दिवस. मिनिटं-सेकंद असे लोण्यासारखे जुळतात म्हटल्यावर दुसरं माप शोधायची गरजच उरली नाही.

जादूचा पाया एकच: वेळ निर्माण करता येत नाही, ती कुणाकडून तरी घ्यावी लागते. गावातल्या प्रत्येकाकडून रोज एक पळ ‘पळपट्टी’ म्हणून घेतलं जाई. घरपट्टी-पाणीपट्टी भरणाऱ्या माणसाला यातली चीड वेगळी समजावून सांगावी लागत नाही. जमा झालेली पळं घटवहीत चढायची आणि आग, साथ, पूर अशा प्रसंगी खर्ची पडायची.

घटनीसाचं चरित्र

कॅम्पेनच्या आधी सूत्रधाराने दीड पानाचं चरित्र लिहिलं होतं. नवव्या वर्षी पाणक्या म्हणून घटिकाखान्यात. तळाला बारीक भोक असलेलं तांब्याचं घटिकापात्र पाण्यात सोडायचं, ते बुडालं की टोला द्यायचा, पात्र रिकामं करून पुन्हा सोडायचं, हे पाणक्याचं काम. पात्राचं माप जुन्या ज्योतिषग्रंथांतून घेतलं होतं: दहा पळं वजनाचं तांबं, सहा अंगुळं उंच, बारा अंगुळं रुंद. (वजनाचं पळ आणि वेळेचं पळ वेगळं. यावर पहिल्याच सेशनला वीस मिनिटं गेली.)

अठ्ठाविसाव्या वर्षी घटनीस. आल्या आल्या त्याने दोन्ही पेठांचे वेगवेगळे टोले बंद करून एकच टोला लावला. खालच्या पेठेला डोंगराची सावली, तिथे सूर्य उशिरा दिसे, त्यामुळे तिथले लोक म्हणत की आमची सकाळ चोरली. हा वाद सरळ मुंबईवरून उचललेला होता. १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली, ती मुंबईच्या स्थानिक वेळेच्या ३९ मिनिटं पुढे होती. शहराने ती मनापासून कधी घेतली नाही आणि ‘मुंबई वेळ’ पुढे १९५५ पर्यंत टिकून राहिली. घड्याळाचा काटा हा राजकारणाचा विषय असतो, हे टेबलावर कुणाला पटवावं लागलं नाही.

दुसरा निर्णय पळपट्टीचा. तिसरा, आणि सगळ्यांत जास्त वादाचा, गेल्या श्रावणातल्या पुराचा. बांध फुटला, खालच्या पेठेतली अकरा घरं गेली, आणि मग एका रात्रीत बांध कुणी न बांधता बांधलेला दिसला. वरची पेठ त्याला तारणहार म्हणू लागली. खालची पेठ विचारू लागली की अकरा घरं जाईपर्यंत हा कशाची वाट पाहत होता. कॅम्पेन सुरू होतं ते या पुरानंतर एका महिन्याने.

चरित्र चांगलं होतं. त्यात घटना होत्या, शत्रू होते, खाजगी दुःख होतं. जादूचा खर्च मात्र कुठेच लिहिलेला नव्हता.

कुठे बिघडलं

पहिली ठेच दहाव्या सेशनला लागली. खेळाडूंनी तीन तास खपून घटवहीची खोली गाठली. कुलूप, पहारेकरी, खोटी सही, सगळं फाशांवर जिंकलं. वही हातात आली आणि घटनीसाने एक घटिका मागे फिरवली. सगळे पुन्हा दाराबाहेर, कुणाला काही आठवत नाही. सूत्रधाराला हा क्षण भव्य वाटला होता. पुढच्या सेशनला पाचातले दोघे आलेच नाहीत. त्यातल्या एकाने मेसेज टाकला: ‘आमचे तीन तास त्याने एका वाक्यात पुसले. मग आम्ही यायचं कशाला?’

तक्रार रास्त होती. मूळ खेळात काळाची जादू किती आवळून बांधली आहे ते पाहण्यासारखं आहे. टाइम स्टॉप हा नवव्या, म्हणजे सर्वोच्च पातळीचा मंत्र. तो टाकणाऱ्याला चौपैलू फासा अधिक एक, म्हणजे २ ते ५ पाळ्या जादा मिळतात, आणि त्याने दुसऱ्या कुणाला धक्का लावला की मंत्र तिथेच संपतो. सर्वांत वरच्या मंत्राचीसुद्धा झेप एवढीच. घटनीसाने एका दमात २४० फेऱ्या उलटवल्या, तेही खेळाडूंच्या आठवणीसकट, आणि त्यासाठी त्याचं काहीही खर्ची पडलं नाही.

दुसरी ठेच अकराव्या सेशनला. आलेल्या तिघांत एकजण टिपणं ठेवणारी होती. तिने दोन नोंदी समोर धरल्या. दुसऱ्या सेशनला पाहिलेल्या घटिकाखान्याच्या हजेरीपटाप्रमाणे घटनीस २८ व्या वर्षी पदावर आला, त्याला ३८ वर्षं झाली, म्हणजे वय ६६. सातव्या सेशनला वैद्याच्या चिठ्ठीवर मात्र होतं: ‘वय ६८, तळहाताला घट्टे, खांदा निखळलेला.’

ही साधी बेरजेची चूक होती. सूत्रधाराकडे चरित्राच्या दोन प्रती होत्या आणि चिठ्ठी लिहिताना जुनी प्रत समोर आली. पण खेळाडू त्याच्याकडे रहस्य सापडल्यासारखे पाहत होते.

समोर असलेले पर्याय

सूत्रधाराने पंधरा दिवस खेळ थांबवला. हा थांबा सगळ्यांत शहाणपणाचा ठरला, कारण तिथल्या तिथे उत्तर द्यायला गेला असता तर तोंडातून ‘काळाची जादू आहे, असं होतं’ हेच बाहेर पडलं असतं. या उत्तराने पात्र संपतं. एकदा ते दिलं की पुढची कुठलीही विसंगती पुरावा म्हणून उभी राहू शकत नाही, आणि तपासाचं कॅम्पेन पुराव्यावरच चालतं.

चूक कबूल करून ६८ चं ६६ करणं हा दुसरा मार्ग. स्वच्छ, पाच मिनिटांचा. तोटा असा की टिपणं ठेवणाऱ्या खेळाडूला तिच्या कष्टाचं फळ ‘टायपो’ म्हणून मिळालं असतं.

घटनीसाला मारून टाकावं, त्याच्या जागी नवा प्रमुख आणावा, असं न येणाऱ्या दोघांपैकी एकाने सुचवलं होतं. त्यात रागाचा भाग मोठा होता, पण विचार टाकाऊ नव्हता. पात्राने टेबलावरचा विश्वास गमावला की ते हटवणं कधीकधी खरंच बरं असतं. इथे अडचण एवढीच की दहा सेशनांचे सगळे धागे त्याच्यापाशी बांधलेले होते.

चौथा मार्ग म्हणजे दोन वर्षांचा फरक खरा मानायचा आणि तो कुठून आला ते शोधायचं.

सूत्रधाराने दोन ठेचांना दोन वेगळी उत्तरं दिली. दहाव्या सेशनची चूक खेळाबाहेर, सगळ्यांसमोर मान्य केली. वयाची चूक मात्र कुणाला न सांगता चौथ्या मार्गाने नेली. या दुसऱ्या निर्णयाची किंमत पुढे मोजावी लागली.

काय केलं: नियम

एक पानी कागद काढला आणि पाचही जणांना दिला. वेळ देणारा माणूस दाखवता आला पाहिजे. दाखवता येत नसेल तर जादू होत नाही. मागे फिरवण्याची मर्यादा एक घटिका, आणि त्यासाठी दिवसाला एकदाच ६० जणांचं एकेक पळ खर्ची पडणार. तिसरं कलम सगळ्यांत कामाचं: काळ मागे फिरला तरी अंगाला लागलेलं अंगाला राहतं. जखम, माती, शाई.

त्या कलमाच्या आधारावर दहावं सेशन दुरुस्त झालं. खेळाडू दाराबाहेर उभे होतेच, पण आता त्यांच्या बोटांना वहीची ओली शाई होती. आपण आत जाऊन आलो हे त्यांना कळलं, आणि घटनीसाला हे लपवता येत नाही हेही कळलं. मेहनत फुकट गेली नाही. बारगळलेले दोघेही तेराव्या सेशनला परत आले.

खर्च डोळ्यांना दिसावा म्हणून टेबलाच्या मध्यावर ६० चिंचोके मांडले. घटनीस काहीही करो, तेवढे चिंचोके उचलून बाजूला. संपले की त्या दिवसापुरता तो साधा म्हातारा. खेळाडू त्याच्याशी बोलताना चिंचोके मोजू लागले, त्याला चिथावून खर्च करायला लावू लागले. नियमांच्या दहा ओळींनी जे झालं नसतं ते या ढिगाने केलं.

घटिकापात्रही खरं केलं. स्टीलची छोटी वाटी, तळाला भोक, आणि ती पाणी भरलेल्या पातेल्यात तरंगत ठेवायची. २ मिलिमीटरचं भोक पाडलं तर वाटी सव्वादोन मिनिटांत तळाला. दुसऱ्या वाटीला १ मिलिमीटरचं भोक पाडलं, ती साधारण नऊ मिनिटं टिकली. भोकाचा व्यास निम्मा म्हणजे क्षेत्रफळ पाव, म्हणजे वेळ चौपट, हे गणित बरोबर उतरलं. फक्त पहिल्यांदा सोडली तेव्हा वाटीत पाणीच येईना. बारीक भोकाच्या तोंडाशी पाण्याचा थेंब पृष्ठताणामुळे अडून बसतो, आणि आतला पृष्ठभाग कोरडा किंवा तेलकट असेल तर तो पसरतच नाही. वाटी राखेने घासून, आतून ओली करून सोडली की काम सुरळीत. पाण्यातला गाळ आणि क्षार भोकात बसले की वाटी हळू बुडते. पाणी कोमट असलं तर थोडी लवकर बुडते. आता चर्चा लांबली की सूत्रधार वाटी सोडायचा, आणि वाटी बुडायच्या आत निर्णय घ्यायचा.

काय केलं: दोन वर्षं कुठून आली

आता वयाचा हिशेब. सूत्रधाराला दोन वर्षांच्या जवळपासची वेळ हवी होती, जी पळपट्टीतून आली आणि वहीत चढली नाही. उत्तर पंचांगात होतं. १९ वर्षांत साधारण ७ अधिक मास येतात. घटनीसाच्या ३८ वर्षांत १४. घटवहीला वर्षाची बाराच पानं. तेराव्या महिन्याची पळपट्टी गोळा होत होती, पण ती लिहायला पानच नव्हतं.

अधिक महिन्याच्या ३० तिथी, रोज एक पळ, म्हणजे माणशी ३० पळं. १४ महिन्यांची ४२०. गावाची वस्ती आधी ‘पाच-सहा हजार’ अशी मोघम होती, ती सहा हजार नक्की केली. ४२० गुणिले ६,००० म्हणजे २५ लाख २० हजार पळं. भागिले ६०, ४२ हजार घटिका. पुन्हा भागिले ६०, बरोबर ७०० दिवस. एक वर्ष अकरा महिने. ६६ आणि ६८ मधली फट भरली. वैद्य नाडी आणि सांधे पाहून वय लिहितो, हजेरीपट वर्षं मोजून लिहितो. दोघेही खरं बोलत होते.

म्हणजे पुराच्या त्या रात्री घटनीसाने सगळं गाव थांबवलं आणि एकटा ७०० दिवस जगला. बांध त्यानेच बांधला, एकेक दगड उचलून.

इथे सूत्रधाराने पहिल्या हिशेबात रोजचे ५० दगड धरले होते. पासष्टीच्या पुढच्या माणसाला २० किलोचे ५० दगड रोज, दोन वर्षं, हे झेपणारं नाही. पुन्हा मांडणी केली: ६४० दिवस, रोज १२ दगड, एकूण ७,६८०. वजन सुमारे १५४ टन. काळ्या बसाल्टचे हे दगड मधल्या फटी धरून रचले तर जवळपास ९० घनमीटर होतात, म्हणजे १० मीटर लांब, ३ मीटर उंच आणि ३ मीटर जाड असं भगदाड बुजतं. आधी वर्णन केलेलं भगदाड याच अंगाचं होतं, हे नशीब.

एकाच खुणेवर खेळाडूंना इथपर्यंत आणता येत नाही, म्हणून खुणा वाढवल्या. वैद्याच्या चिठ्ठीतले घट्टे आणि खांदा आधीच होते. दुसरी खूण कोठारात ठेवली: रोज अर्धा किलो ज्वारी धरली तर ७०० दिवसांना ३५० किलो, म्हणजे शंभर किलोची साडेतीन पोती एका रात्रीत गायब. कोठीवाला उंदरांना दोष देत होता. तिसरी खूण नदीपलीकडची खाण, जिथे पुराच्या दुसऱ्या दिवशी पाथरवटांना सगळा फुटका दगड उचललेला दिसला.

सतराव्या सेशनला गाठ सुटली. सोडवणाऱ्याच्या घरात टिळक पंचांग होतं आणि शेजाऱ्यांकडे दुसरं. दोन्हींत अधिक मास कधीकधी वेगळा येतो, यावरून होणारी ‘यंदा धोंड्याचं वाण कधी’ ही चर्चा त्याने लहानपणापासून ऐकलेली. वहीला बारा पानं आहेत एवढं ऐकून तो म्हणाला, ‘धोंड्याचा महिना कुठाय?’ लगेच दुसऱ्याने विचारलं की क्षयमास, म्हणजे पंचांगातून गळणारा महिना, आला तर? तो फार क्वचित येतो, अलीकडचा १९८२-८३ मधला, म्हणून या ३८ वर्षांत तो आला नाही असं सूत्रधाराने जाहीर करून टाकलं. कधीकधी असं दार बंद करावंच लागतं, नाहीतर खेळ पंचांगकर्त्यांची सभा होते.

निकाल

विसाव्या ते बाविसाव्या सेशनपर्यंत निवाडा चालला. प्रत्येकाला बोलायला एक वाटी, म्हणजे नऊ मिनिटं. वाद ‘चोर की तारणहार’ एवढ्यावर राहिला नाही, हे या मांडणीचं यश. वेळ न विचारता घेतली, हे सगळ्यांना मान्य होतं. खरा झगडा वेगळ्या जागी झाला: ३८ वर्षं तो ही पळं साठवत होता, तेव्हा पुराची त्याला कल्पनाही नव्हती. मग साठवत कशासाठी होता? खालच्या पेठेतल्या पात्राचा खेळाडू याच प्रश्नावर तिन्ही सेशन अडून राहिला. दुसरा मुद्दा अकरा घरांचा. साठा हाताशी असताना बांध फुटण्याआधी का वापरला नाही? घटनीसाचं उत्तर होतं की वहीबाहेरच्या पळांना हात लावला असता तर ती आहेत हे उघड झालं असतं. या एका उत्तराने एक मत फिरलं.

निकाल तीन विरुद्ध दोन: पदावरून दूर, पळपट्टी बंद, आणि घटनीसाने पुन्हा पाणक्याच्या जागी बसायचं.

शेवटच्या सेशननंतर सूत्रधाराने वयाच्या चुकीची कबुली दिली. चौघांना मजा वाटली. टिपणं ठेवणारीला नाही. तिने दोन आठवडे अधिक मासाचे हिशेब करून पाहिले होते आणि तिला वाटत होतं की उत्तर आधीपासून लपवलेलं आहे. ‘कोडं सोडवताना कोडं तयार होत होतं, हे मला माहीत असतं तर मी वेगळी खेळले असते’, हा तिचा आक्षेप आहे, आणि तो आजही मागे घेतलेला नाही.

काय वेगळं करता आलं असतं

चरित्र लिहिताना घटनांच्या आधी खर्चाची वही लिहायला हवी होती. काळाच्या जादूगाराला तीन आकडे लागतात: पंचांगाचं वय, शरीराचं वय आणि उसन्या वेळेचा साठा. प्रत्येक सेशनच्या शेवटी तिन्ही एका ओळीत लिहिले असते तर सातव्या सेशनची चिठ्ठी चुकली नसती. चरित्राची एकच प्रत ठेवणं तर त्याहून सोपं होतं.

दहाव्या सेशनचा प्रसंग आधी एका खेळाडूला एकट्याला विचारून पाहता आला असता. मागे फिरवण्याचा डाव टाकायचाच तर तो खेळाडूंच्या हरण्यावर टाकावा. हरलेली लढाई पुसली गेली तर कुणी तक्रार करत नाही.

वयाच्या चुकीबद्दल मात्र गटात अजून एकमत नाही. ‘ही चूक आहे, पण मी ती खरी करायची म्हणतो, चालेल?’ असं अकराव्या सेशनलाच विचारलं असतं तर विश्वास राहिला असता, पण सतराव्या सेशनचं ‘धोंड्याचा महिना कुठाय’ बहुधा हातातून गेलं असतं. निदान शेवटच्या सेशनपर्यंत न थांबता, गाठ सुटली त्याच रात्री सांगायला हरकत नव्हती.

राहिले ६० दिवस. ७०० पैकी ६४० बांधावर गेले. उरलेल्या दोन महिन्यांत थांबलेल्या गावात घटनीस काय करत होता, ते सूत्रधाराने लिहिलेलं नव्हतं. निवाड्यात वाटी सोडून त्याला ते विचारलं गेलं. सूत्रधाराने वाटी बुडेपर्यंत घटनीसाला गप्प ठेवलं, नऊ मिनिटं, आणि एकाही खेळाडूने मधे तोंड उघडलं नाही.